टेकू

शंभर पौंडांचा तक्ता दोघांनी उचलायचा असतो.
कार्लो एका टोकाला, मी दुसऱ्या.
तो फिनिशमध्ये मोजायचा, युक्सी, काक्सी,
आणि कोल्मेला छत डोक्यावर यायचं,
डोक्यावरच, शब्दशः:
टाळूवर तक्ता पेलायचा, हात मोकळे ठेवायचे,
ओठांत धरलेले स्क्रू एकेक काढायचे
आणि बोलायचं नाही.
थंडर बेमधले पहिले सहा हिवाळे
मी असे गप्प राहून काढले.

कागद, मध्ये दगडाचा भुगा, पुन्हा कागद.
सँडविच आहे, तो म्हणायचा, भिकाऱ्याचं.
सुरीने रेघ मारायची, मागून गुडघा द्यायचा,
कट्.
मागचा कागद बिजागरीसारखा लोंबतो, तो कापायचा.
इतक्या सहज मोडणाऱ्या वस्तूची
लोक घरं करतात
आणि आत निर्धास्त भांडतात.

पण त्या दगडात पाणी असतं, पोरी.
हात लावून कळत नाही, पाचवा हिस्सा पाणी.
आग आली की तिला आधी ते उकळावं लागतं.
तेवढ्यात मुलांना उठवायचं, बूट शोधत बसायचं नाही.
हे तो जेवताना सांगायचा, दर वेळी नवीन असल्यासारखं,
डब्यातली हेरिंग मला देऊ करत.
मी कधी घेतली नाही.

भिंतीला कान असतात असं कुणी म्हटलं
तर तो आपलाच कान भिंतीला लावायचा.
बोटाच्या पेराने टकटक, टकटक,
पोकळ, पोकळ,
मग एका जागी आवाज भरायचा,
थापा मारणारा माणूस मध्येच थांबावा तसा.
तिथे लाकूड. तिथे स्क्रू.

सांधे भरून झाले की दिवा भिंतीला चिकटवून धरायचा.
समोरून सगळ्याच भिंती सज्जन.
तिरप्या उजेडात थापीचा एकेक ओरखडा
टेकडीएवढी सावली टाकतो.
ओरिसिया बाईंच्या जेवणघरात त्याने
माझा एक सांधा तीनदा घासायला लावला.
मी म्हटलं, इथे कपाट येणार आहे.
तो म्हणाला, कपाट हलतं.

मार्चमध्ये गेला. छातीनेच.
(मास्क आम्ही दोघंही गळ्यातच घालायचो.)
पेटीत मी त्याला ओळखलं नाही.
भुवया पिंगट होत्या.
अकरा वर्षं मी त्या पांढऱ्या धरून चालले होते.

आता एकटीच जाते.
व्हॅनमध्ये एक टेकू आहे, त्यानेच केलेला,
दोन फळ्या, इंग्रजी टी अक्षरासारख्या ठोकलेल्या,
आडव्या फळीवर जुन्या गालिच्याचा तुकडा,
कागद खरवडू नये म्हणून.
दुसरा माणूस नसला की तक्त्याचं ते टोक हा धरतो.
धंद्यात ह्याला मुडदा म्हणतात.
नाव मी ठेवलेलं नाही.
मी यायच्या कितीतरी आधीपासून
सुतार हसत ओरडत आलेत, मुडदा आण गं.
मुडदा उंचीला बोटभर जास्त हवा.
मग घट्ट बसतो.

आज नीबिंग नदीकडच्या एका तळघरात
भाड्याने द्यायची खोली.
वर कुणाचं तरी मूल चालायला शिकतंय, धप्,
मग थोडा वेळ काही नाही, मग धप्.
पहिला तक्ता. एक टोक पट्टीवर टेकवलं,
दुसऱ्याखाली मुडदा सरकवला,
मधोमध माझं डोकं,
आणि ओठांत स्क्रू आहेत हे विसरून
म्हणाले, युक्सी.

सगळे सांडले. सिमेंटवर, दूरवर, एक तर नाल्याच्या जाळीपर्यंत.
वाकता येईना, डोक्यावर छत.
तशीच उभी राहिले
खिशात आणखी आहेत का चाचपत.